जादूचा वसंत, लखनऊचा उकाडा

आधी मनगटावरचं घड्याळ काढून ठेवा. मोबाइल घरीच राहू दे; जिथे निघालोय तिथे रेंज नाही, आणि हातातली काच अंधारात उजळली तर लोक तुम्हाला जादूगार ठरवतील. आजच्या रात्री जादूगारांचे काय हाल होणार आहेत ते पुढे कळेलच. अंगात मलमलीचा अंगरखा चढवा, खाली सैल पायजमा, डोक्यावर दुपल्ली टोपी. टोपी विसरू नका, बोडक्या डोक्यानं चारचौघांत बसणं तिथे शोभत नाही. जोडे साधेच घाला. ते दाराशी काढावे लागतील आणि परतताना तेच मिळतील याची हमी मी घेणार नाही.

पोहोचलात. लखनऊ, १८८३ साल, वैशाखाचे दिवस. तुम्ही चौकात, गोल दरवाजाच्या तोंडाशी उभे आहात आणि सगळ्यात आधी जाणवतो तो उकाडा. सूर्य बुडून बराच वेळ झालाय, पण दिवसभर तापलेल्या चपट्या लखौरी विटा आता कुठे ऊन ओकायला लागल्यात. भिंतीला पाठ टेकवून बघा. लगेच काढलीत ना? लू थांबली आहे, पण तिच्या जागी वारा काही आलेला नाही. हवा जागची हलत नाही. अंगरख्याचा बंद छातीला चिकटलाय आणि पाठीवरून घामाची एक धार सावकाश खाली निघाली आहे. तिच्याकडे लक्ष देऊ नका, अजून बऱ्याच यायच्या आहेत.

चला, पुढे व्हा. वाटेत थांबलात तर मागचा ढकलेल, अर्थात आधी तुमची माफी मागून.

उजव्या हाताच्या दुकानांतून टक-टक, टक-टक असा आवाज येतोय. वर्ख ठोकणारे आहेत. चामड्याच्या थरांमध्ये चांदीचे तुकडे ठेवून तासन्‌तास हातोडी चालवायची, चांदी इतकी पातळ होईपर्यंत की श्वास लागला तरी उडून जावी. दुकानं चार-पाच, हातोड्या आठ-दहा, आणि प्रत्येकाची लय वेगळी. तेवढ्यात मागून एक्कावाला ओरडतो, घोड्याच्या गळ्यातले घुंगरू खुळखुळतात, तुम्ही बाजूला होता आणि पाय नेमका खरबुजाच्या सालीवर पडतो. सावरलात. छान. समोरचे मियाँ पान थुंकायला वळलेत, त्यांच्यापासूनही जरा लांबून चला. पांढरा अंगरखा आहे.

वासांचं काय सांगावं! सगळे एकदम अंगावर येतात. तुपात परतलेला कांदा, घोड्याची लीद, कोळशाचा धूर, उघडं गटार, आणि त्या सगळ्यावरून एखाद्या अत्तराच्या दुकानातून खसची गार लाट. दुकानदार काडीला गुंडाळलेला कापसाचा फाया तुमच्या मनगटाला लावतो, पैशाची गोष्टही काढत नाही. फुलवाली गल्ली जवळच आहे. तिथून बेल्याचे गजरे टोपल्यांत भरून येतायत, ओल्या फडक्याखाली झाकलेले. एक गजरा हातात घ्या. फुलं गार लागतात. या गावात आत्ता गार असलेली तेवढी एकच गोष्ट आहे.

मग भिश्ती येतो. कमरेला कातड्याची फुगलेली मशक, तिच्या तोंडावर त्याची मूठ, आणि मुठीतून रस्त्यावर अर्धगोल उडणारं पाणी. धूळ चुरचुरते आणि खाली बसते. तापलेल्या मातीतून वाफ उठते आणि तिच्याबरोबर तो वास, जो तुमच्याकडे मृगाच्या पहिल्या सरीला येतो. पाणी पायांवर उडालं तर रागावू नका. लोक मुद्दाम त्याच्या वाटेत उभे राहतात.

भूक लागली असेल तर आत्ताच खाऊन घ्या, पुढे मध्यरात्रीपर्यंत सवड मिळणार नाही. निखाऱ्यांवरून उतरवलेला सीख कबाब आणि केशरी दुधाचा हात फिरवलेली शीरमाल. शीरमालेचा तुकडा बोटांना गोड-तुपकट लागतो, कबाब जिभेवर ठेवला की चावायचं काम फारसं उरत नाही. सामिष चालत नसेल तर बलाई घ्या. दुधाची जाड साय थरावर थर चढवून पानावर देतात. तोंडात ठेवा आणि दोन मिनिटं कुणाशी बोलू नका.

आता डावीकडच्या गल्लीत शिरा. गल्ली अरुंद आहे. समोरून डोली आली तर भिंतीला चिकटावं लागतं आणि भिंत अजून तापलेलीच आहे. शेवटच्या वाड्याचं दार सताड उघडं आहे. मालक जुन्या घराण्यातले, वसीक्यावर म्हणजे पेन्शनीवर जगणारे. पैसा पूर्वीचा राहिलेला नाही, शौक मात्र पूर्वीचेच. आत कुणीही येऊन बसावं असा या रात्रीचा रिवाज आहे. फक्त बसण्याची जागा ज्याची त्यानं ओळखायची. तुमची जागा जोड्यांजवळ.

अंगणात नुकतंच पाणी शिंपडलंय. मधे एक मोठा तख्त, त्यावर पांढरी चांदणी, लोड, एक शमादान. बाजूला हुक्का, पानांचं खासदान, पितळी पिकदाणी. अंगण माणसांनी भरत चाललंय. तुमच्या शेजारी एक जरदोज बसलेत, दिवसभर कलाबतू टोचून त्यांची बोटं खरखरीत झालीत. त्यांच्यापलीकडे एक कबुतरबाज, ज्याच्या खांद्यावर अजून पीस चिकटलंय. मागे वाड्याचा बावर्ची, कांद्याच्या वासासकट. वर्ख ठोकणाऱ्यांपैकीही दोघे आलेत, कानात अजून हातोड्या वाजत असाव्यात, कारण ते एकमेकांशी ओरडून बोलतायत. भिंतीवर पोरं लटकलीत. वरच्या मजल्यावर चिलमनच्या पट्ट्यांमागून बांगड्यांचा आवाज येतो आणि कुणीतरी "शश्श" करतं.

"कहाँ से तशरीफ़ लाए हैं, मियाँ?" जरदोज चाचा विचारतात.

"दक्खन से," तुम्ही म्हणा. ते मान डोलावतात. दक्खन लांब आहे, यापलीकडे त्यांना चौकशी करायची नाही. गोष्ट सुरू व्हायच्या आत पान लावून होणं त्यांना जास्त महत्त्वाचं वाटतं.

हा कडवट, जडसर वास आलाय तो अफूचा. चिनी मातीच्या छोट्या कटोऱ्यात अफूची गोळी पाण्यात विरघळवतायत. चुस्की घ्यायची, मग उसाची गंडेरी चघळायची, कारण तोंड कडू झालेलं असतं. कटोरा तुमच्याकडे सरकला तर छातीवर हात ठेवून हलकेच मान हलवा. कुणी आग्रह करणार नाही. तुमच्या वाट्याची घ्यायला तिघं तयार आहेत. गंडेरीला मात्र नाही म्हणू नका. केवड्याचं पाणी शिंपडलेली असते.

आणि हे आले दास्तानगो, आजची दास्तान सांगणारे.

काही भव्य दिव्य येईल असं वाटलं होतं ना? किडकिडीत म्हातारा आहे. गालफडं बसलेली, दाढी विरळ. तख्तावर गुडघे मोडून बसतो, कटोऱ्यातून दोन घोट घेतो, त्यावर चहाचा एक घोट, डोळे मिटतो. हातात वाद्य नाही, पोथी नाही, मागे साथीला कुणी नाही. अंगणात खोकणाऱ्यांनी खोकून घेतलं. हुक्क्याची गुडगुड थांबली. मग तो तोंड उघडतो आणि तुम्ही दचकता, कारण तो आवाज या छातीतला वाटतच नाही.

आजची दास्तान 'तिलिस्म-ए-होशरुबा'ची. अमीर हमजा या वीराच्या महाकथेतला सगळ्यात लाडका भाग. दूरदर्शनवरची 'चंद्रकांता' बघत मोठे झालेल्यांना अय्यार आणि तिलिस्म नवे नाहीत. देवकीनंदन खत्रींची ती कादंबरी अजून बाहेर यायची आहे आणि तुम्ही आज तिच्या आजोळी आला आहात. थोडक्यात समजून घ्या, म्हातारा कुणासाठी थांबत नाही. होशरुबा हा जादूनं उभारलेला मुलूख. बादशहा अफरासियाब, जादूगारांचा जादूगार. हमजाचा मुलगा शिकारीच्या नादात त्या मुलखात शिरला आणि अडकला. त्याला सोडवायला नातू असद निघाला, आणि त्याच्याबरोबर अमर अय्यार: चोर, बहुरूपी, गवई आणि अव्वल दर्जाचा कंजूष. अंगणातल्या निम्म्या लोकांचा जीव असदवर नाही, या अमरवर आहे. माझाही.

या मुलखाचा भूगोल ऐका. एक भाग उघडा, लोकांना दिसणारा. एक पडद्याआडचा, जिथे बादशहाचे खासे सरदार राहतात. तिसरा निव्वळ काळोखाचा. उघड्या आणि झाकलेल्या भागांच्या मधून नदी वाहते, रक्ताची. तिच्यावर धुराचा पूल आणि पुलावर पहारा देणारे धुराचेच दोन सिंह. वर तीन मजली बुरूज. खालच्या मजल्यावर पऱ्या शिंगं फुंकतायत. मधल्या मजल्यावरच्या पऱ्या नदीत मोती टाकतायत आणि मासे ते तोंडात झेलतायत. सगळ्यात वर धिप्पाड हबशी दोन रांगांत उभे राहून एकमेकांना तलवारीनं कापतायत, आणि नदीला पाणी मिळतं ते तिथून. म्हातारा हे सगळं एका सुरात सांगत नाही. शिंगांच्या वेळी आवाज वर जातो, मोत्यांपाशी टपटप बारीक होतो, आणि वरच्या मजल्यावर आल्यावर तो इतक्या हळू बोलतो की भिंतीवरची पोरं पुढे झुकतात. त्यातलं एक धपकन आत पडतं. कुणी हसत नाही.

इथली जादूही वाटेल तशी चालत नाही. जादूगाराच्या झोळीत ठरलेलं सामान असतं: पोलादी गोळे, नारिंगं, महाळुंगं, मोहरीचे आणि उडदाचे दाणे. मंत्र फुंकून फेकायचे. दाणे पडले तिथून आग उठते, नारिंग फुटलं की त्यातून काहीही निघतं. राद नावाचा जादूगार जमिनीत बुडी मारतो, शत्रूच्या पायाशी वर येतो आणि गडगडाट करतो, ऐकणारा बेशुद्ध. मग त्याची आई बर्क-महशर वीज होऊन आभाळातून कोसळते आणि पडलेल्याचे दोन तुकडे करून परत वर जाते. माय-लेकांचा गडगडाट आणि विजेचा हा धंदा ऐकताना बावर्ची कानांवर हात ठेवतो. खरंच ठेवतो. तुम्हीही खांदे आक्रसून घेतलेत, मी बघितलं.

पण तुम्हाला मी आणलंय ते बहारसाठी.

बहार ही जादूगारीण. अफरासियाबची बेगम हैरत, तिची ही सख्खी बहीण. अफरासियाबच्या बाजूनं लढायला आली आणि फिरून अमरच्या पक्षाला मिळाली, त्यामुळे आज अंगण तिच्या बाजूचं आहे. तिच्याकडे गोळे नाहीत, आग नाही. तिचं शस्त्र म्हणजे एक ऋतू. शत्रूची फौज समोर उभी राहते, हत्ती, घोडे, उडते अजगर, आणि बहार हातातला फुलांचा गुच्छ हवेत उडवते. बस्स.

म्हातारा इथे थांबतो. पान उचलतो, गालात सारतो. उकाडा आहे, शमादानाभोवती पाखरं भिरभिरतायत, तुमच्या मानेवर एक डास बसलाय आणि तो मारायला तुम्ही हात उचलत नाही.

मग तो वारा आणतो. आधी नुसता शब्दांतून: एक थंड झुळूक, फौजेच्या पहिल्या रांगेच्या चेहऱ्यांवरून गेलेली. घोड्यांच्या आयाळी हलतात. पायांखालची राख हिरवी होते. कोंब, मग पानं, मग कळ्या. तो फुलांची नावं घ्यायला लागतो आणि थांबतच नाही. बेला, चमेली, जुही, मोगरा, केवडा, गुलाबाच्या जाती, नर्गिस, लाला, सोसन. नावांमागून नावं येतात, एकाच श्वासात, आणि प्रत्येक नावाला त्याचा रंग, त्याचा वास, त्याच्यावर बसलेला पक्षी. कारंजी उडतात. तुषार पडतात. बुलबुल बोलतो, म्हणजे म्हातारा बोलतो, पण तुम्ही खालमान घालून ऐकत असाल तर शपथेवर सांगता येणार नाही. वरच्या मजल्यावर कुणीतरी गजरा नाकाशी नेला असणार, कारण बेल्याचा वास अंगणात उतरतो. शेजारचे जरदोज चाचा अंगावरचं उपरणं नीट लपेटून घेतात.

पुन्हा वाचा. वैशाखातल्या लखनऊत, भट्टीसारख्या तापलेल्या अंगणात, एक माणूस उपरणं लपेटून घेतो. तुमच्याही दंडावर काटा आलाय. पाठीवरची ती धार मघाशीच थांबली, तुमच्या लक्षात आलं नाही.

आणि फौजेचं काय झालं? फौज वेडी झाली. शिपायांच्या हातांतून भाले गळाले. कुणी फुलाला मिठी मारतोय, कुणी शेर म्हणतोय, कुणी कपडे फाडून बहारच्या मागे निघालाय की मला तुझ्या दारात जागा दे. हाच तिचा वार. ती कुणाला मारत नाही, ज्याला त्याला वसंत देते आणि मग सांगते, इतकं प्रेम असेल तर स्वतःची मान कापून दाखव. ते दाखवतात. आनंदानं, शेर म्हणत म्हणत. अंगण वाहवा करतं, "सुब्हानअल्लाह" उठतं, आणि मला दर वेळी इथे किंचित भीती वाटते. आगीच्या गोळ्यापासून पळता तरी येतं. गार वाऱ्यापासून कोण पळेल?

अब्दुल हलीम शरर यांनी जुन्या लखनऊवर लिहिताना दास्तानीचे चार रंग नोंदवलेत: युद्ध, मैफल, सौंदर्य-प्रेम आणि अय्यारी. बहारच्या एका प्रसंगात पहिले तिन्ही येऊन जातात. चौथा राहिला होता, तो आता येतोय, घुंगरू बांधून.

शत्रूच्या तंबूत एक नाचणारी आलीय. कमालीची देखणी, आवाज मधाळ. बिथरलेल्या फौजेचा सरदार जादूगार एकटाच शुद्धीवर राहिलाय, दुःख विसरायला पितोय. ती प्याला भरते. अंगण आधीच खुसखुसायला लागलंय, कारण ती कोण आहे हे सरदाराखेरीज साऱ्या लखनऊला ठाऊक आहे. म्हातारा पापणी लववतो, मान तिरकी करतो, हनुवटीखाली दोन बोटं नेतो, आणि त्या बसक्या गालांवर क्षणभर ती बाई येऊन जाते. प्याल्यात बेहोशीची पूड. सरदार आडवा. नाचणारीच्या ओढणीखालून अमर अय्यार बाहेर येतो, पण गळा कापायच्या आधी तो पहिलं काम काय करतो? जाळं फेकतो आणि तंबूतला माल गोळा करतो. गालिचे, झुंबरं, प्याले, पिकदाणी, सरदाराचे कपडे, पायांतली विजार. सगळं त्याच्या झोळीत जातं, जिच्यात अख्खी शहरं मावतात. म्हातारा एकेक वस्तू मोजतो आणि प्रत्येकीला अमरचा भाव सांगतो. कबुतरबाज हसून हसून तुमच्या मांडीवर थापा मारतोय. चिलमनमागून हसण्याचा फवारा उडतो. ज्यांच्या घरात आता मोजण्यासारखं फार काही उरलं नाही ते मालकही लोडाला टेकून डोळे पुसतायत.

तलवार पडते. आणि सावध राहा, कारण होशरुबात जादूगार मेला की हवामान बिघडतं.

शमादान विझतं. खरंच विझलं, म्हाताऱ्याच्या शागिर्दानं नेमक्या वेळी फुंकर घातली असावी, पण त्या क्षणी असा विचार सुचत नाही. काळोख. आभाळातून दगड पडतात, आग पडते, वावटळ उठते. जादूगाराच्या जन्मभर बाळगलेल्या जादूचा बांध फुटलाय आणि मोकळी होऊन ती चौफेर सैरावैरा धावते. भुतं रडतात. त्यांच्या ओरडण्यातून मेलेल्याचा आवाज येतो, मला मारलं हो, आणि पुढे तो स्वतःचं नाव सांगतो. ते नाव तुम्हाला नीट ऐकू येत नाही, कारण दोन्ही वर्खवाले एकदम किंचाळलेत. भिंतीवरची पोरं खाली उतरून मोठ्यांच्या पाठीशी दडलीत. तुमच्या दंडाला कुणाची तरी बोटं रुतलीत. खरखरीत आहेत. चाचा.

शागिर्द पुन्हा दिवा लावतो. सगळे एकमेकांकडे बघायचं टाळतात.

या सगळ्या पसाऱ्याचा शेवट कुठे होतो असं विचाराल, तर तो आधीच ठरलेला आहे. तिलिस्म बांधणाऱ्यानंच त्याची मुदत घालून ठेवलेली असते आणि तो कुणाच्या हातून फुटणार हेही नक्की करून ठेवलेलं असतं. एक पाटी असते, लौह म्हणतात तिला. ती ज्याच्या हाती लागेल त्याला पुढचं पाऊल कुठे टाकायचं ते तिच्यावर उमटतं. होशरुबा असदच्या हातून फुटणार हे अफरासियाबला माहीत आहे, असदला माहीत आहे, बावर्च्यालाही माहीत आहे. तरी कुणी उठत नाही. शेवट काय होणार, ही उत्सुकता इथे कुणालाच नाही. तिथवर पोहोचायला म्हातारा किती वेळ लावतो, यावर पैजा लागतात.

आणि तो लावतो. दास्तानगोची खरी कमाल दास्तान थांबवण्यात असते. एका दास्तानगोबद्दल सांगतात: प्रियकर आणि प्रेयसी यांच्यामध्ये फक्त एक पडदा उरला होता, हात पडद्यापर्यंत गेला होता, आणि पट्ठ्यानं तो पडदा दिवसच्या दिवस उचलला नाही. पडद्याचं कापड, त्याचं विणकाम, हाताचा कंप, मनातले तरंग. रोज रात्री लोक यायचे आणि पडदा तिथेच. खरं की खोटं कोण जाणे. आपण हरिदासांच्या आख्यानात सीताशुद्धीपर्यंत पोचायला चार रात्री लागलेल्या पाहिल्यात, तेव्हा अशक्य वाटत नाही.

आजही तो तसाच उठतो. अफरासियाबनं जादूचं पुस्तक उघडलंय, पान उलटलंय, काय लिहिलंय ते वाचणार, आणि म्हातारा गुडघ्यांवर हात टेकून उभा राहतो. बाकीचं उद्या. अंगण हळहळतं. कुणी विनवतं, कुणी लाडानं शिवी हासडतं. मालक पानाचा विडा आणि रुमालात बांधलेलं काहीतरी त्याच्या हातावर ठेवतात.

दाराशी तुमचे जोडे आहेत का बघा. बोटांना शाई लागलेला एक तरुण तिथे घुटमळतोय. तो कातिब आहे, मुन्शी नवलकिशोर यांच्या हजरतगंजातल्या छापखान्यात हातानं मजकूर लिहितो, मग तो दगडावरून छापला जातो. होशरुबाचा पहिला भाग मुहम्मद हुसैन जाह यांनी लिहिलाय आणि तो याच साली छापला जातोय. तरुण भारावून बोलतोय की आता दास्तान घरी नेता येईल, वाटेल तेव्हा वाचता येईल. जरदोज चाचा त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळतात. "और हवा?" ते विचारतात. "वो भी छापोगे?" तरुणाला उत्तर सुचत नाही. मला विचाराल तर दोघांचंही बरोबर होतं. छापलं नसतं तर आज आपल्या हाती काहीच लागलं नसतं. आणि पान कितीही वाचलं तरी त्यातून वारा सुटत नाही.

बाहेर या. गल्लीत भिंती अजून कोमट आहेत आणि घाम पुन्हा सुटलाय.

पुढचं थोडं सांगून टाकतो. होशरुबाचे सात भाग झाले, पहिले चार जाह यांचे आणि पुढचे अहमद हुसैन कमर यांचे. नवलकिशोर छापखान्यानं सगळी हमजा-दास्तान मिळून ४६ खंड काढले. दिल्लीचे मीर बाकर अली हे जुन्या परंपरेतले शेवटचे नामांकित दास्तानगो; उतारवयात ते सुपारी विकून गुजराण करत आणि १९२८ मध्ये गेले. त्यांच्या आवाजाचं काही मिनिटांचं ध्वनिमुद्रण मात्र शिल्लक आहे. ग्रिअर्सन यांच्या भाषिक सर्वेक्षणासाठी १९२० मध्ये ते केलं होतं. ऐकून बघा, खरखर बरीच आहे, पण शब्दांमागून शब्द लोटणारा तो वेग कळतो. २००५ साली महमूद फारुकी यांनी शम्सुर्रहमान फारुकी यांच्या मार्गदर्शनाखाली ही कला पुन्हा मंचावर आणली. आता ती मराठीतही आली आहे: मुंबई शहरावरची 'दास्तान-ए-बड़ी बांका'. तिचा किंवा दुसऱ्या कुठल्याही दास्तानगोईचा प्रयोग जवळपास लागला तर चुकवू नका, आणि तिकीट पुढच्या रांगेतलं काढा. मागून शब्द ऐकू येतील, पण पापणी लववून बाई झालेला म्हातारा दिसणार नाही.